आमटी मिळून येण्यासाठी

परवा शाळेतून साडेबाराला घरी पोचले, तर दारात चपलाच चपला! गावाहून मामेसासरे मंडळी आली होती. घरात आमटी चौघांपुरती आणि ताटं व्हायची आठ. मग काय, ओतलं पाणी. पाणी जास्त झालं, चोथा-पाणी वेगळं दिसायला लागलं, म्हणून घाईघाईनं उकळत्या आमटीतच दोन चमचे डाळीचं पीठ कोरडंच भुरभुरलं. व्हायचं तेच झालं. मामंजींनी वाटीतला गोळा चमच्यावर घेऊन विचारलं, "सूनबाई, आमटीत भजी सोडलीत वाटतं?" सगळे हसले. मीही हसले, पण घास काही गिळवेना.

मागचं आवरताना सासूबाई हळूच म्हणाल्या, "पीठ कोरडं टाकलंस ना? मीही टाकलं होतं, पहिल्याच दिवाळीत." एवढं ऐकलं आणि माझा जीव भांड्यात पडला.

तर मैत्रिणींनो, पीठ उकळत्या पाण्यात पडलं की गोळ्याची वरची बाजू लगेच शिजून चिकट होते आणि आत पाणी शिरतच नाही. म्हणून कुठलंही पीठ आधी वाटीत गार पाण्यात सरसरीत कालवावं, मग एका हातानं ढवळत बारीक धारेनं सोडावं. एवढं करूनही गुठळ्या झाल्याच, तर पळीनं चेपत बसू नका. सरळ मोठ्या गाळणीतून गाळून घ्या.

डाळीचं पीठ लावलंत तर पुढं सात-आठ मिनिटं उकळू द्या, नाहीतर कच्चट वास राहतो. कढीचं पीठ मात्र ताक गार असतानाच घुसळावं (चार वाट्या ताकाला दोन मोठे चमचे पुरतं) आणि पहिली उकळी येईपर्यंत ढवळणं सोडू नये. पीठ असलं की ताक सहसा फुटत नाही.

कॉर्नफ्लोअरचं अगदी उलट. ते शेवटी लावायचं. वाटीभर सुपाला एक लहान चमचा, फार तर दीड. एक-दोन मिनिटं उकळून पारदर्शक झालं की उतरवा. जास्त वेळ रटरटलं किंवा आंबट घालून उकळलं तर ते पुन्हा सैल पडतं, म्हणून लिंबू नेहमी गॅस बंद केल्यावरच पिळावं. हॉटेलातली काही सुपं बघून मला तर साड्यांच्या खळीचीच आठवण येते!

व्हाइट सॉसला गार पाणी लागत नाही. एक मोठा चमचा लोण्यावर तेवढाच मैदा मंद परतायचा, रंग बदलू द्यायचा नाही आणि कपभर दूध थोडं थोडं घालत ढवळायचं. लोण्यामुळे मैद्याचे कण सुटे राहतात. हा झाला सुपाजोगा पातळ सॉस. भाज्या बेक करायच्या असतील तर लोणी आणि मैदा दोन्ही दुप्पट.

खरं सांगू? रोजच्या रश्श्याला पीठ लागतंच कुठं! रश्श्यातल्याच बटाट्याच्या चार फोडी काढून कुस्करा आणि परत घाला. टोमॅटोच्या सुपात एखादा बटाटा किंवा गाजर आधीच शिजवून वाटलं की झालं. पाहुण्यांसाठी खसखस किंवा काजू अर्धा तास गरम पाण्यात भिजवून गंधासारखे वाटावेत. दाण्याचं कूट स्वस्त आणि खमंग, पण ते तळाला लागतं, तेव्हा आच मंद ठेवा. उपासाच्या दिवशी तेच कामी येतं, नाहीतर शिंगाड्याचं पीठ.

पाणी वाढवायचंच झालं तर उकळतं घाला, आणि त्याआधी डाळ रवीनं चांगली घोटून घ्या. माझी खरी चूक तिथेच झाली होती. घोटलेल्या डाळीला पीठ लावावंच लागलं नसतं. शिवाय आमटी, कढी, सूप सगळंच निवताना आळतं, म्हणून हवं त्यापेक्षा जरा पातळ असतानाच उतरवा. आणि हो, पाणी वाढलं की मीठही वाढवावं लागतं. त्या दिवशी गोळ्यांच्या नादात आमटी अळणी होती, हे कुणी बोललंच नाही.