गणपतीला गावी याल तेव्हा सड्यावर जा

एप्रिलमध्ये रत्नागिरी-सिंधुदुर्गातला सडा म्हणजे काळा, रखरखीत कातळ. सातबाऱ्यावर पोटखराबा. त्यामुळे जमिनीला गिऱ्हाईक आलं की आधी सडाच विकायला निघतो. श्रावण-भाद्रपदात मात्र त्याच कातळावर सीतेची आसवे इतकी दाट फुलतात की पाऊल कुठे टाकावं कळत नाही.

गुडघे टेकून बघा. दोऱ्याएवढा देठ, त्यावर निळंजांभळं, दोन ओठांचं फूल. या झाडाला मुळं नाहीत. जांभ्यावरच्या बोटभर मातीत नत्र जेमतेम. ते मिळवायला ओल्या मातीत याच्या मोहरीहून बारीक पिशव्या पसरलेल्या असतात. एखादा सूक्ष्म जीव पिशवीच्या तोंडाशी आला की पातं लवायच्या आत तो पाण्यासकट आत ओढला जातो. शेजारी गेंद असतो, किडे खाणारा दवबिंदू असतो. पाऊस सरला की ही आसवे बी टाकून संपतात आणि पुढचा पावसाळा येईपर्यंत ते बी त्याच तापल्या कातळावर तग धरतं.

हे फूल उपटून बागेत लावून वाचणारं नाही. चिरेखाण लागली की कातळच जातो. सुरुंग लावून खड्डे मारले, बाहेरची माती भरून कलमं लावली, की पाण्याची वाट मोडते. सड्यावर मुरलेलं पाणीच खालच्या वाडीतल्या झऱ्यांना, विहिरींना मिळतं, हेही विसरू नका. घराला चिरा लागतो, आंब्यावर घरं चालतात, हे मला मान्य आहे. पण त्यासाठी एकही सडा शिल्लक ठेवायचा नाही, हे मला मान्य नाही.

कास पठार २०१२ साली पश्चिम घाटाबरोबर जागतिक वारसा यादीत गेलं. कोकणातले बरेच सडे खाजगी, सामायिक मालकीचे. त्यांना आपल्याशिवाय वाली नाही. २००२च्या जैवविविधता कायद्याने गावोगावी जैवविविधता समिती आणि लोकजैवविविधता नोंदवही आली. त्या नोंदवहीत तुमचा सडा आहे का, विचारा. नसेल तर फुलांचे फोटो घेऊन ग्रामपंचायतीत जा, नोंद करायला लावा. सडा जैवविविधता वारसा स्थळ व्हावा, असा ठराव ग्रामसभेत मांडा.

गणपतीला मुंबई-पुण्याचे सगळे हिस्सेदार घरी असतात आणि सडाही तेव्हाच फुललेला असतो. सगळ्यांना वर घेऊन जा, आणि सडा विकायचा नाही हे यंदाच ठरवा.