राजकन्यांची नजरकैद आणि आजची तुरुंगातली मुलं

रत्नागिरीत थिबा राजवाडा दाखवताना आपण राजाचं दुःख सांगतो, त्याच्या मुलींचं क्वचितच. 1885 साली इंग्रजांनी ब्रह्मदेशच्या थिबा राजाला पदच्युत केलं आणि 1886 मध्ये त्याला इथे नजरकैदेत आणलं. चार मुलींपैकी थोरल्या दोघी तेव्हा अजाण होत्या, तिसरी वाटेत मद्रासला जन्मली, तर धाकटी रत्नागिरीतच. राजवाडा बांधून झाला 1910 साली; तोवर चौघींची लग्नाची वयंही उलटत चालली होती. इथे त्यांच्या तोलामोलाची स्थळं नव्हती आणि बाहेर जाण्याची मुभा सरकारच्या हाती होती.

नोकरचाकर आणि सरकारी तनखा असलेल्यांना कैदी कसं म्हणायचं, असं कुणी विचारेल. पण मोठ्या माणसाला आपण काय गमावलं ते ठाऊक असतं. कैदेत वाढणाऱ्या मुलाला मात्र तेवढंच जग वाटतं. थोरल्या राजकन्येला घरच्या मराठी दरवानापासून मुलगी झाली. 1919 मध्ये कुटुंब ब्रह्मदेशी परतलं, पण ती लेकीला घेऊन पुन्हा रत्नागिरीत आली आणि गरिबीत इथेच वारली. यात प्रेमाचाही वाटा असेल. एका निर्णयावरून मनाचं निदान करू नये. तरीही जिला दुसऱ्या जगात वाढायला मिळालंच नाही, तिच्या निवडीला मोकळी निवड म्हणणं अवघड आहे.

कैदेत वाढणारी मुलं आजही आहेत: कैदी आईसोबत सहा वर्षांपर्यंतचं मूल तुरुंगात राहू शकतं. सर्वोच्च न्यायालयाच्या 2006 च्या आर. डी. उपाध्याय निकालात अशा मुलांबद्दलची निरीक्षणं आहेत: रस्त्यावरची जनावरं पाहून ती घाबरतात आणि बायकांच्या बराकीत वाढलेले मुलगे स्वतःबद्दल स्त्रीलिंगी बोलतात. मुलाला आईपासून तोडावं का? मुळीच नाही, ताटातुटीची जखम याहून खोल असते. म्हणूनच पाळणाघर व बालवाडी शक्यतो तुरुंगाबाहेर असावी, असं न्यायालयाने सांगितलं. त्यातलं ‘शक्यतो’ काढून टाकावं. सुरक्षेची अडचण पुढे केली जाते. पण मूल आरोपी नाही, त्याला सकाळी गावच्या अंगणवाडीत सोडून दुपारी परत आणायला बंदोबस्त कशाला हवा? शिवाय अजामीनपात्र गुन्ह्यातही स्त्रीला जामीन देण्याची मुभा कायद्यात आहे. लहान मुलाच्या आईचा अर्ज समोर आला की न्यायालयांनी ती मुभा आधी आठवावी आणि जिल्हा विधी सेवा प्राधिकरणांनी असे अर्ज स्वतःहून दाखल करावेत.