हँडल फिरविणारा हात

३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट प्रदर्शित झाला आणि धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके हे नाव अजरामर झाले. त्या मूकपटाचे चित्रण ज्यांच्या हातून झाले, त्या त्र्यंबक तेलंगांचे नाव मात्र फार थोड्यांना ठाऊक असते.

फाळके मूळचे त्र्यंबकेश्वरचे. तेलंग हे त्यांचे बालमित्र. चित्रपटाचे तंत्र शिकण्यासाठी फाळके १९१२ मध्ये लंडनला गेले आणि तेथे त्यांनी विल्यमसन कंपनीचा कॅमेरा खरेदी केला. नटांकडून काम करवून घेणे आणि कॅमेरा चालविणे ही दोन्ही कामे एकाच वेळी एका माणसाला साधणारी नव्हती. भारतात तयार कॅमेरामन तरी किती मिळणार? फाळक्यांनी आपल्या मित्राला बोलावून घेतले आणि स्वतः शिकविले.

त्या काळी कॅमेरा हाताने हँडल फिरवून चालवीत. सर्वसाधारण प्रघात सेकंदाला दोन फेऱ्यांचा. प्रत्येक फेरीत आठ चौकटी, म्हणजे अर्धा फूट फिल्म पुढे सरके. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी सुमारे ३,७०० फूट होती. या हिशेबाने केवळ पडद्यावर आलेल्या भागासाठीच सुमारे ७,४०० फेऱ्या होतात. हात मंदावला तर पडद्यावरची माणसे धावू लागणार. हाताची गती वाढली तर ती संथ होणार. समोर कितीही करुण प्रसंग चालू असला, तरी मनगटाचा ताल ढळू देता येत नसे.

दादरच्या बंगल्याच्या आवारात दिवसाच्या उजेडात चित्रण चाले. बाहेरची दृश्ये कर्जत मार्गावरील वांगणी येथे घेतली गेली. फिल्म घरीच रात्री धुतली जाई. दिवसा झालेली चूक रात्री उमगे आणि तोवर ती फिल्म वाया गेलेली असे. सरस्वतीबाई फाळके फिल्मला छिद्रे पाडण्यापासून साऱ्या मंडळींच्या स्वयंपाकापर्यंतचा भार वाहत होत्या.

या उद्योगासाठी फाळक्यांनी आपल्या १२,००० रुपयांच्या विमा पॉलिसी गहाण ठेवून १०,००० रुपये उभे केले होते. तारणाचा व्यवहार जाणणाऱ्यास यातील मर्म चटकन कळेल. कागदोपत्री तारण होते ते पॉलिसींचे. परंतु ती रक्कम बुडणार की तरणार, हे पुष्कळ अंशी एका नवशिक्याच्या मनगटावर अवलंबून होते. सावकाराने पॉलिसी पाहून कर्ज दिले, फाळक्यांनी मित्राचा स्वभाव पाहून कॅमेरा दिला. दुसरा व्यवहार अधिक धाडसाचा होता, आणि तो खरा ठरला. पुढे १९१७ च्या ‘लंकादहन’चे छायालेखनही तेलंगांकडेच होते. त्यात राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णा साळुंके यांनी केल्या होत्या.

पेण परिसरातील वाचकांना असे अनाम हात अपरिचित नाहीत. रामवाडी, हमरापूर, जोहे या पट्ट्यातून गणेशमूर्ती घरोघरी जातात. मूर्तीच्या डोळ्यांची आखणी कोणी केली, हे नमस्कार करणारा विचारीत नाही. परंतु मूर्तीत जिवंतपणा येतो तो त्या आखणीनेच. तेथेही रेघ एकदाच ओढायची असते आणि हात थरथरून चालत नाही.

काळाने या उपेक्षेची थोडी भरपाई केली. २००८ चा दादासाहेब फाळके पुरस्कार ‘कागज के फूल’चे छायालेखक व्ही. के. मूर्ती यांना मिळाला. ज्या फाळक्यांनी आपले सर्वस्व एका छायालेखकाच्या हाती सोपविले, त्यांच्याच नावाचा सन्मान एका छायालेखकापर्यंत पोहोचण्यास जवळजवळ शतक लागले.

कोणत्याही मोठ्या कार्यात नेता एक असतो, त्याला सावरून धरणारे हात अनेक. कुटुंबात, दुकानात, संस्थेत असे हात आपल्या अवतीभवतीच असतात. त्यांची नावे विचारून घ्यावीत, आणि ती माणसे समोर आहेत तोवरच घ्यावीत.