मूठ आवळून पक्ष्याला औषध पाजू नका!

"डॉक्टर, आमच्या बजरीगरला बाळाच्या सिरपचे दोन थेंब देऊ का?" नाही! ३०-३५ ग्रॅमच्या जिवाचं औषध आणि डोस पक्ष्यांच्या डॉक्टरांनीच ठरवायचा, मी नव्हे. पण खरा राग येतो तो पाजण्याच्या पद्धतीचा. पक्ष्याला आपल्यासारखं श्वासपटल नसतं. छाती हलली तरच श्वास चालतो. मूठ आवळलीत की तो गुदमरतो. भसकन ओतलेलं औषध श्वासनलिकेत जाऊ शकतं. पाण्यात मिसळणं ही तर निव्वळ पळवाट, कडू लागलं की तो पाणीच सोडतो! त्यापेक्षा पक्षी ठणठणीत असतानाच बिनसुईच्या सिरिंजने फळाचा रस चाखायची सवय लावा. मग आजारपणात औषधही तसंच द्या, चोचीच्या कडेने, थेंब थेंब. वेळ लागतो? लागू द्या.