पैनगंगेचे दोन काठ



यवतमाळ आणि आदिलाबाद या जिल्ह्यांच्या मधून पैनगंगा वाहते. नकाशावर ती राज्याची सीमा आहे. काठावरच्या माणसाला ती पुरात अडवते, एरवी नाही. इकडची पऱ्हाटी तिकडे पत्ती होते, ज्वारी जोन्ना होते, भाकर तीच. आठवडी बाजारात गोंड, कोलाम, बंजारा, तेलुगू, मराठी, उर्दू बोलणारे एका ओळीत बसतात आणि घासाघीस करताना मध्येच भाषा बदलतात. केसलापूरच्या नागोबाच्या जत्रेला इकडचे गोंड जातात, ते आपल्या देवाला जातात, परराज्यात नव्हे.

किनवट आणि राजुरा १९५६ पर्यंत आदिलाबाद जिल्ह्यातच होते. मग भाषेची रेघ ओढली गेली. सरकारने तिचा खरा उपयोग केला तो कापूस अडवायला. १९७२ साली एकाधिकार खरेदी आली. कापूस सरकारलाच घालायचा, राज्याबाहेर नेला तर गुन्हा! पलीकडे भाव चढला की रात्री गाड्या निघत. आपल्या शेतातला माल आपल्याच सोयऱ्याच्या गावी नेणारा कास्तकार चोर ठरला. मराठी अस्मितेवर सभा गाजवणाऱ्या पुढाऱ्यांना त्यात मराठी माणसाचा अपमान दिसला नाही. २००२ पासून खासगी खरेदीला मोकळीक मिळाली, तेव्हा कुठे हा जाच सुटला.

आता ती रेघ कागदांत आहे. बंजारा समाज तेलंगणात १९७६ च्या कायद्याने अनुसूचित जमातीत, महाराष्ट्रात विमुक्त जातीत. सख्ख्या सोयऱ्यांचे दाखले वेगळे. जिवती तालुक्यातल्या १४ गावांवर दोन्ही राज्ये हक्क सांगत आली. दोन मतदारयाद्या, दोन रेशनकार्डे, मराठी शाळा आणि तेलुगू शाळाही. दुरून ही चैन वाटेल. पण जमिनीच्या पट्ट्यासाठी तिथल्या कास्तकाराला वर्षानुवर्षे हेलपाटे घालावे लागले. मत दोघांना हवे होते.

२०१८ साली तेलंगणाने एकरी ४,००० रुपये हंगामाला दिले, तेव्हा नांदेडच्या धर्माबाद भागातली गावे 'आम्हाला तिकडे घ्या' म्हणाली. कुणी त्याला मराठीशी द्रोह म्हणेल. आम्ही अनुदानाचे भक्त नाही, पण ही गावे भाषा बदलायला निघाली नव्हती. शेतीचा हिशेब जुळेना म्हणून बोलत होती.

सीमेवरच्या कार्यकर्त्यांनी जिल्हा बैठकीला येताना दोन्ही बाजूंच्या बाजारांतल्या कापूस विक्रीच्या पावत्या आणाव्यात. तेलुगू आणि गोंडी बोलणाऱ्या भावांना सोबत घ्यावे. ठराव त्यांच्याही बोलीत वाचला जाईल.