हप्ता कुणाचा, कर्ज कुणाचे?



थकबाकीची नोटीस आली की माणूस ती घडी घालून खिशात ठेवतो. शेजाऱ्यालाही सांगत नाही. सुमारे शंभर वर्षांपूर्वी आयर्लंडच्या डोनेगल परगण्यात हेच चालले होते. ती नोटीस चव्हाट्यावर आणणारा माणूस म्हणजे पीडर ओडॉनेल.

1893 साली डोनेगलमधल्याच लहान शेतकऱ्याच्या घरी तो जन्मला. जमीन खडकाळ, घर चालवायला माणसे दरसाल स्कॉटलंडला बटाटे काढायच्या मजुरीवर जात. ओडॉनेल आधी शिक्षक झाला, मग कामगार संघटनेचा कार्यकर्ता, मग स्वातंत्र्यलढ्यातला सैनिक. यादवी युद्धात पकडला गेल्यावर 1923 साली त्याने तुरुंगात 41 दिवस उपोषण केले. 1924 साली तो तुरुंगातून निसटला आणि 1926 पासून चळवळीच्या साप्ताहिकाचा संपादक झाला.

त्याच साली गावाकडच्या शेजाऱ्यांवर हप्त्यांसाठी कोर्टाची कारवाई सुरू झाली. मामला असा होता. जमीनदारांकडून जमीन विकत घेण्यासाठी ब्रिटिश सरकारने कुळांना कर्जे दिली होती. 1903 च्या कायद्याने फेडीची मुदत साडेअडुसष्ट वर्षे. आजोबाचे कर्ज नातवाच्या माथी. 1922 साली आयर्लंडचा बहुतेक भाग स्वतंत्र झाला, तरी नवे सरकार हप्ते वसूल करून लंडनला पाठवतच राहिले. रक्कम सालीना सुमारे 30 लाख पौंड.

ओडॉनेलने साधा प्रश्न विचारला: जमीन आमच्याच वाडवडिलांकडून हिसकावलेली, तिची किंमत आम्ही कुणाला आणि का द्यायची? ज्याला लोक आपापली अब्रू समजून लपवत होते, तो साऱ्या देशाचा हिशेब निघाला. शेजारी एकत्र आले. जप्तीवाले येण्याआधी जनावरे दुसरीकडे हलू लागली.

1932 साली डी व्हॅलेराचे सरकार आले आणि लंडनला जाणारे पैसे थांबले. ब्रिटनने आयरिश गुराढोरांवर जकात बसवली, बाजार पडला आणि शेतकऱ्याने झळ सोसली. हा झगडा 1938 साली 1 कोटी पौंड एकरकमी देऊन मिटला. पण आपल्याला ध्यानात ठेवायची गोष्ट वेगळीच आहे. हप्ते रद्द झाले नाहीत. 1933 साली ते निम्मे झाले, आणि उरलेले निम्मे डब्लिनचे सरकार स्वतःच्या तिजोरीसाठी वसूल करू लागले. ओडॉनेलची मागणी वसुलीच बंद करण्याची होती. ती अर्धीच मान्य झाली.

1927 साली कॉर्क परगण्यात एका शेतकरी कुटुंबातली माणसे उपासमारीने मेली. त्यावरून त्याने 'अ‍ॅड्रिगूल' ही कादंबरी लिहिली. हप्त्यांच्या लढ्याची हकीगतही 1963 साली पुस्तकरूपाने मांडली. 1986 साली तो वारला.

तेव्हा भावांनो, कुणी 'मागणी मान्य झाली' म्हणून हार घालायला आला, तर आधी एवढेच विचारा: वसुली थांबली, की नुसती तिजोरी बदलली?