बॅटरी मारून जगवणाऱ्यांस

कॉर्डलेस ड्रिलच्या बॅटरीबद्दल आमच्या अहिवाऱ्यात सध्या एक मत फार जोरात आहे. ते ज्यांच्या तोंडून निघते ते गृहस्थ वयाने वडील, आवाजाने खणखणीत आणि कोक ओव्हनवर हयात घालवलेले, त्यामुळे फर्निचर मिस्त्रींपासून ग्रिल-गेटवाल्यांपर्यंत सगळे मान डोलावतात. मत थोडक्यात असे: बॅटरी पार संपेपर्यंत वापरा, मगच चार्जिंगला लावा. नवी आणली की पहिल्यांदा रात्रभर चार्ज करा. ज्यावर व्होल्टचा आकडा मोठा ती घ्या. कंपनीच्या बॅटरीत निम्मे पैसे नावाचे असतात. आणि एवढे करूनही ती वर्षभरात मेली, तर मुळात हे खूळच फसवे, वायरवाले ड्रिल बरे. या शेवटच्या कलमाला मी मनापासून दाद देतो. आधी चार उपायांनी बॅटरी मारायची आणि मग तिचे मढे पुराव्यादाखल पुढे करायचे, अशा वादात माणूस हरणार कसा?

पहिल्या कलमाकडे वळतो, कारण सगळा घोळ तिथे आहे. एके काळी हा सल्ला बरोबर होता. निकेल-कॅडमियमची बॅटरी रोज तेवढीच अर्धवट वापरून पुन्हा भरली, तर पुढे त्याच टप्प्यावर तिचा विद्युतदाब पडू लागे, म्हणून अधूनमधून ती पूर्ण उतरवत. पण त्या बॅटरीचे दिवस गेले. सोनीने १९९१ मध्ये लिथियम-आयन बाजारात आणली, बॉशचा चिमुकला आयएक्सओ स्क्रूड्रायव्हर २००३ मध्ये ती घेऊन आला आणि युरोपीय संघाने २०१६ अखेर कॉर्डलेस अवजारांतले निकेल-कॅडमियम बंदच करून टाकले. आमच्याकडे मात्र तिचे सुतक अजून पाळले जाते, तेही भलत्याच घरात.

लिथियमचा स्वभाव नेमका उलटा. तिला दोन्ही टोके सोसत नाहीत, ना काठोकाठ भरणे, ना तळ गाठणे. एका सेलचा सरासरी दाब ३.६ व्होल्ट, पूर्ण भरल्यावर ४.२, आणि अडीच-तीनच्या खाली गेला की नुकसान सुरू. म्हणूनच पॅकमधले सर्किट वेळेवर पुरवठा तोडते आणि ड्रिल एकदम थांबते. इथे आमचा मिस्त्री काय करतो? क्षणभर थांबून पुन्हा ट्रिगर दाबतो. भार सुटल्यामुळे दाब थोडा वर आलेला असतो, ड्रिल दोन गिरक्या घेते. 'बघा, अजून जीव आहे!' मग आणखी एकदा, आणखी एकदा. लिंबाचा शेवटचा थेंब पिळावा तशी ती पिळली की गृहस्थांच्या शास्त्राप्रमाणे बॅटरी 'स्वच्छ' झाली.

ती तशीच पेटीत जाते. आषाढ लागतो, बाहेरची कामे थंडावतात, पेटी कोपऱ्यात पडून राहते. रिकामा सेल स्वतःहून झिरपत असतोच, वर पॅकमधले सर्किटही थेंब थेंब पीत असते. दसऱ्याला पेटी उघडावी तर चार्जर लाल दिवा लुकलुकवून नकार देतो. आता गृहस्थांचे दुसरे शास्त्र बाहेर येते: झटका. दुसऱ्या बॅटरीवरून दोन वायरी लावायच्या, मेलेल्या पॅकला क्षणभर 'उठवायचे' आणि मग चार्जरवर चढवायचे. हा जुगाड ते अभिमानाने शिकवतात. आत काय झालेले असते? दाब फार खाली गेला की सेलमधला तांब्याचा पत्रा विरघळू लागतो, आणि पुन्हा चार्ज करताना ते तांबे नको तिथे बसून आतल्या आत शॉर्टची वाट तयार करते. चार्जर नाही म्हणतो तो याच भीतीने. त्याचे शहाणपण चुकवून उठवलेला पॅक कदाचित महिनाभर चालेल, कदाचित प्लायवूडच्या थप्पीशेजारी रात्री चार्जिंगला असताना पेटेल. पेटलाच, तर दोष अर्थातच 'चायना माला'चा.

हेच गृहस्थ पूर्वी इन्व्हर्टरच्या बॅटरीत बोअरचे पाणी घालायला सांगत. पाण्यातल्या खनिजांनी म्हणे ताकद येते. शेजारी नंदिनीची चुनखडीची खाण, तिथला दगड भिलाईच्या भट्ट्यांना जातो आणि तोच चुना आमच्या बोअरच्या पाण्यातही उतरतो. बादलीत पांढरा थर धरणारे ते पाणी शिशाच्या पट्ट्यांवर ओतायचे! डिस्टिल्ड वॉटरची बाटली किती रुपयांची, हा वादही तेव्हा रंगला होता, आणि तोही मीच हरलो, कारण आवाज त्यांचा मोठा. आता त्यांचे म्हणणे, उन्हाने बॅटरीला काही होत नाही. कोक ओव्हनची बॅटरी, म्हणजे भट्ट्यांची रांग, वर्षानुवर्षे थंड होऊ देत नाहीत, नाहीतर तिच्या सिलिका विटांना तडे जातात, हे त्यांना पक्के ठाऊक. त्यामुळे ऊब चांगलीच, असा त्यांचा निकाल. पण लिथियमला ऊन म्हणजे म्हातारपण. मे महिन्यात आमच्याकडे पारा ४४-४५ ला टेकतो, आणि बहुतेक कंपन्या चार्जिंगची वरची मर्यादा ४० अंशांच्या आसपास सांगतात. पत्र्याच्या शेडमध्ये, ग्राइंडरमधून नुकताच काढलेला तापलेला पॅक दुपारी दोनला चार्जरवर ठेवणे म्हणजे काय, हे वेगळे सांगायला हवे?

व्होल्टच्या आकड्याचे तर हसूच येते. पाच सेल एका ओळीत जोडले की पाच गुणिले ३.६, म्हणजे १८ व्होल्ट. काठोकाठ भरल्यावर २१. बाजारात त्याच पाच सेलांच्या डब्यावर ४८ आणि ८८ असे आकडे छापून येतात. तेवढे व्होल्ट खरेच असते तर आत डझनावारी सेल लागले असते. हातात घेऊन वजन तरी पाहा! १८ मिलिमीटर जाडीचा, ६५ मिलिमीटर लांबीचा जो नेहमीचा सेल, तो साडेतीन अँपिअर-अवरच्या (एएच) आसपास थांबतो. त्याच्या पाचांच्या एका रांगेत दहा एएच बसवणारा कारागीर मला एकदा भेटायचाच आहे.

पहिली रात्रभर चार्जिंग: चार्जर स्वतःच थांबतो, झोपा.

मग करायचे काय? आधी बॅटरीची जात ठरवावी, अवजार मागून. एका कंपनीच्या पॅकवर ड्रिल, ग्राइंडर, करवत सगळे चालते, दोन कंपन्यांत ते सहसा जमत नाही. फॉल्स सीलिंगला हात वर करून दिवसभर राबणाऱ्याने दोन एएचचा हलका पॅक घ्यावा, कापाकापीला पाच एएचचा. सेलांच्या रांगा जास्त असल्या की प्रत्येकावरचा भार वाटला जातो आणि पॅक कमी तापतो. आयएस १६०४६ चा नोंदणी क्रमांक नसलेला पॅक, कितीही स्वस्त असो, दुकानातच ठेवावा. जोर कमी झाला की थांबावे, पॅक निवू द्यावा, मग लावावा. पावसाळ्यासाठी अर्धा भरून घरात सावलीला ठेवावा, मधे एकदा पॅकवरचे चार्जचे दिवे पाहावेत. दुकानात दिवसभर पाइप कापायचे असतील तर वायरवाला ग्राइंडरच बरा, हे मीही म्हणतो. पण मीटर न बसलेल्या नव्या घरात, शिडीवर उभे राहून, वायर कुठून आणणार हे गृहस्थांनी एकदा सांगावे. मेलेला पॅक भंगारवाल्याच्या गोणीत टाकू नये. बॅटरी-कचऱ्याच्या २०२२ च्या नियमांनी जुन्या बॅटऱ्या परत घेण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकली आहे, तेव्हा विक्रेत्याकडे नेऊन मागे लागावे. आणि नव्या पॅकवर घेतल्याची तारीख मार्करने ठळक लिहावी. पुढच्या खेपेला वाद आवाजावर जाण्याआधी ती दाखवता येईल.